‘तापा’पासून ‘डी ५७’पर्यंत : एका रोगाच्या नोंदीचा इतिहास

१

माणूस मेला की त्याच्या मरणाला एक नाव द्यावे लागते. ते नाव कोण देतो, कोणत्या शब्दांत देतो आणि कोणाच्या वहीत लिहितो, यावर मागे उरलेल्यांचे पुष्कळ काही ठरते. आपल्या समाजाचा इतिहास शोधताना आपण वतनाचे कागद पाहिले, जनगणनेचे अहवाल पाहिले, सत्याग्रहांची वृत्ते पाहिली. दवाखान्याच्या दप्तराकडे मात्र आपले अभ्यासक फारसे वळलेले नाहीत.

मी नोकरीची तीसेक वर्षे विदर्भातल्या एका रुग्णालयाच्या अभिलेख विभागात काढली. रुग्ण घरी गेला किंवा मेला, की त्याचा केसपेपर माझ्या टेबलावर येई. डॉक्टरने लिहिलेले निदान वाचायचे, जागतिक आरोग्य संघटनेच्या जाड ग्रंथात त्याचा सांकेतिक क्रमांक शोधायचा आणि तो केसपेपरच्या कोपऱ्यात लिहायचा, एवढे माझे काम. या कामाला कोणी विचाराचे काम म्हणणार नाही. पण हे करता करता माझ्या लक्षात येत गेले, की आपल्या वस्त्यांतली माणसे पिढ्यान्‌पिढ्या एका रोगाने मरत आली आणि त्या रोगाचे नाव त्यांच्या मरणापुढे क्वचितच लिहिले गेले. तो रोग म्हणजे सिकलसेल. त्याच्या नोंदीचा इतिहास मांडण्याचा हा प्रयत्न आहे. वैद्यक लागेल तेवढेच त्यात आले आहे.

रोग असा आहे. रक्तातील तांबड्या पेशी निरोगी माणसात गोल आणि लवचीक असतात. सिकलसेलच्या रुग्णात प्राणवायू कमी पडला की त्या ताठर होतात आणि विळ्याचा आकार घेतात. आमच्याकडे विळ्याला इळा म्हणतात. हे इळे बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात, पुढचा रक्तप्रवाह तुंबतो आणि त्या ठिकाणी असह्य कळा सुरू होतात. पेशी लवकर फुटतात म्हणून अंगात रक्त टिकत नाही, डोळे पिवळे होतात. लहान मुलाचे हातपाय सुजतात, पानथरी वाढते. पुढे छातीत, मेंदूत, खुब्याच्या हाडात, मूत्रपिंडात नुकसान होते. आईकडून आणि बापाकडून, दोघांकडूनही सदोष जनुक आले तर मूल रुग्ण होते. त्याला आपल्याकडे ‘एसएस’ म्हणतात. एकाकडूनच आले तर ते मूल केवळ वाहक, म्हणजे ‘एएस’ असते आणि बहुधा निरोगी आयुष्य जगते. हा फरक वाचकांनी ध्यानात ठेवावा. पुढे त्याचे काम पडणार आहे.

२

माझे आजोबा भंडारा जिल्ह्यातल्या एका खेड्याचे कोतवाल होते. मध्य प्रांताच्या मराठी मुलखात कोतवालकी अनेक गावी महारांकडे असे. गस्त घालणे, साहेबाचे सामान वाहणे, दवंडी देणे यांबरोबर आणखी एक काम कोतवालाकडे होते. गावात कोण जन्मले आणि कोण मेले, याची खबर पोलीस ठाण्यात नेऊन द्यायची. प्रांताच्या आरोग्य अहवालांत छापलेले आकडे या पायपिटीतून तयार होत. इंग्रजी राज्याची जन्ममृत्यूची गणना अस्पृश्याच्या पायांवर उभी होती, असे म्हटले तर ती अतिशयोक्ती होणार नाही.

पाय कोतवालाचे होते, लेखणी दुसऱ्याची होती. कोतवाल बहुधा निरक्षर. तो तोंडी सांगे आणि लिहिणारा लिहून घेई. मरणाच्या कारणांचे रकाने आधीच छापलेले असत : कॉलरा, देवी, प्लेग, ताप, हगवण व अतिसार, श्वसनाचे विकार, इजा आणि इतर. जगातल्या प्रत्येक मरणाला या रकान्यांपैकी एकात बसावे लागे. त्यांतला सर्वांत मोठा रकाना तापाचा. मरताना अंग तापलेले नाही असा माणूस विरळा, म्हणून कशानेही मेलेला माणूस तापाने मेला असे लिहिणे सोपे होते.

आता विचार करा. महारवाड्यातले चार वर्षांचे पोर. डोळे पिवळे, पोट फुगलेले, हातपाय दुखतात म्हणून रात्रभर रडणारे. पानथरी वाढली म्हणून कोणी जाणत्याने पोटावर तापल्या सळईचे डाग दिलेले. एका पावसाळ्यात त्याला थंडीवाजून येते आणि दोन दिवसांत ते जाते. आजोबांसारखा कोणी कोतवाल ठाण्यात जाऊन सांगतो, पोर तापाने गेले. लिहिणारा ‘ताप’ लिहितो. त्या काळचे डॉक्टर एखाद्या मुलखातला हिवताप मोजण्यासाठी तिथल्या मुलांची पानथरी चाचपून पाहत. तेव्हा एखादा डॉक्टर भेटला असता तरी त्यानेही त्या पोराचे पोट चाचपून हिवतापच म्हटले असते. घरात अशी तीन पोरे गेली तर शेजारपाजार करणी म्हणे, बाहेरची बाधा म्हणे. सरकारी वहीत ती तीन ‘ताप’ होती. गावाच्या तोंडी ती देवीचा कोप किंवा आईचे नशीब होती. पोराचे दुखणे मात्र कोणत्याच भाषेत नव्हते.

जोतीरावांनी ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये लेखणी हाती असणारांनी अक्षरशून्य माणसाला कसे नागवले, हे दाखवले आहे. जमिनीच्या कागदात झालेली लबाडी पुढे उघडकीस तरी येई, कारण जमीन डोळ्यांना दिसते. मरणाच्या कागदात लबाडी करण्याची कोणाला गरजही नव्हती. तिथे अज्ञान आणि बेपर्वाईच पुरेशी होती.

३

या रोगाला लेखी नाव मिळाले ते अमेरिकेत. ग्रेनेडा बेटावरून दंतवैद्यक शिकायला शिकागोला आलेला वॉल्टर क्लेमेंट नोएल हा तरुण १९०४ च्या अखेरीस तिथल्या एका रुग्णालयात दाखल झाला. आयर्न्स या शिकाऊ डॉक्टरने त्याच्या रक्तात विचित्र आकाराच्या पेशी पाहिल्या. त्याचे वरिष्ठ जेम्स हेरिक यांनी १९१० मध्ये त्यावर निबंध प्रसिद्ध केला आणि वैद्यकाच्या ग्रंथांत हा रोग दाखल झाला. त्या निबंधात रुग्णाचे नाव नाही. तो काळ्या वंशाचा असल्याची नोंद मात्र आहे. नोएल शिक्षण पुरे करून आपल्या बेटावर परतला, दंतवैद्य म्हणून काम करू लागला आणि १९१६ मध्ये न्यूमोनियाने मेला. जगातल्या पहिल्या नोंदलेल्या सिकलसेल रुग्णाच्या मरणाचे कारणही न्यूमोनिया सांगितले जाते, ही गोष्ट नोंदींच्या अभ्यासकाने विसरू नये.

१९२२ मध्ये मेसन यांनी ‘सिकल सेल अ‍ॅनिमिया’ हे नाव रूढ केले. १९४९ मध्ये लायनस पॉलिंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवून दिले की दोष हिमोग्लोबिनच्या रेणूतच आहे. १९५० च्या दशकाच्या उत्तरार्धात व्हर्नन इन्ग्रॅम यांनी तो दोष नेमका कुठे आहे हे शोधले. हिमोग्लोबिनच्या एका साखळीत सहाव्या जागी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन येते. एवढ्या एका अदलाबदलीने माणसाचे आयुष्य कळांनी भरून जाते.

तोपर्यंत हा रोग आफ्रिकी वंशाचा अशी समजूत पक्की झालेली होती. १९५२ मध्ये लेमान आणि कटबुश यांना नीलगिरीतील आदिवासींत सिकल पेशी आढळल्या. त्याच वर्षी आसामच्या चहामळ्यांतील मजुरांत त्या आढळल्याचे वृत्त आले. लगेच वंशाची भाषा सुरू झाली. भारतातील आदिम ‘वेड्डॉइड’ लोकांचा हा वारसा असावा, असे तर्क मांडले गेले. १९५८ मध्ये नागपूरचे डॉक्टर शुक्ला आणि सोळंकी यांनी मध्य भारतातील सिकलसेलविषयीचा लेख ‘लॅन्सेट’ या इंग्रजी नियतकालिकात प्रसिद्ध केला आणि विदर्भातील महार जातीचे नाव या रोगाबरोबर जगाच्या वैद्यकीय वाङ्मयात गेले.

हे वर्ष लक्षात घ्या. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी याच नागपुरात बाबासाहेबांनी लाखो अनुयायांसह धम्मदीक्षा घेतली होती. माणसांनी महारकी टाकली, नाव टाकले, देव टाकले. दोन वर्षांच्या आत तेच जुने नाव एका रोगाच्या पुढे छापून आले. यात त्या डॉक्टरांचा हेतू वाईट होता असे मी म्हणत नाही. त्यांनी रक्त तपासले नसते तर आपली पोरे आणखी काही दशके तापानेच मेली असती. पण ज्यांनी जात सोडली त्यांना शास्त्राने जातीनेच ओळखले आणि पुढे ‘सिकलसेल हा त्यांचा रोग’ ही कुजबुज विदर्भाच्या चावडीपासून दवाखान्यापर्यंत पसरली.

४

या कुजबुजीला उत्तर देणे आवश्यक आहे, कारण तिच्यामागे रक्ताच्या शुद्धाशुद्धतेची जुनी कल्पना नव्या वेषात उभी आहे.

१९५४ मध्ये अ‍ॅन्थनी अ‍ॅलिसन यांनी पूर्व आफ्रिकेतील अभ्यासावरून दाखवले की सिकलचे एक जनुक असलेल्या वाहकाला जीवघेण्या हिवतापापासून बरेच संरक्षण मिळते. जिथे हिवताप भयंकर होता तिथे वाहक तगले, त्यांची मुले वाढली आणि जनुक टिकले. आफ्रिका, अरबस्तान, ग्रीसचे काही भाग, मध्य भारत हे या जनुकाचे प्रदेश हिवतापाचेही प्रदेश आहेत. म्हणजे हे जनुक जंगल, पाणथळ आणि डास यांचा इतिहास सांगते. वंशाच्या उच्चनीचतेचा त्यात काही पुरावा नाही.

मग ते एका जातीत अधिक आणि शेजारच्या जातीत कमी का? याचे उत्तर बाबासाहेबांनी १९१६ मध्येच, कोलंबिया विद्यापीठातील जातिसंस्थेवरच्या निबंधात, वेगळ्या संदर्भात देऊन ठेवले आहे. जातीचा गाभा म्हणजे जातीतच लग्न. एका गावात, एकाच डासांच्या मुलखात शेकडो वर्षे राहूनही माणसांनी आपापल्या कुंपणातच सोयरिकी केल्या, म्हणून एका कुंपणातले जनुक त्याच कुंपणात फिरत राहिले. निसर्गाने ते डासांच्या हिशेबाने वाटले असते. मनुने आखलेल्या कुंपणांनी ते जातींच्या हिशेबाने वाटले. १९४८ च्या ‘द अनटचेबल्स’ या ग्रंथात बाबासाहेबांनी नाकाडोळ्यांच्या मोजमापांचाच आधार घेऊन अस्पृश्य हे वेगळ्या वंशाचे नाहीत असे सिद्ध केले होते. रक्ताच्या तपासणीचाही निष्कर्ष तोच आहे. विदर्भात हे जनुक पूर्वाश्रमीच्या महारांत आहे, गोंड, परधान, माडिया या आदिवासींत आहे, तसेच कुणबी आणि तेली समाजांतही आहे. महाराष्ट्राच्या दुसऱ्या टोकाला, सातपुड्यात, ते भिल्ल आणि पावरा यांच्यात आहे. भारतात या जनुकाभोवतीचा आनुवंशिक साचा बहुतांशी एकच असून तो पूर्व अरबस्तानातल्या लोकांशी जुळतो. ज्याला रोगाची जात शोधायची आहे त्याने ती अरबस्तानापर्यंत शोधत जावे.

५

आता माझ्या टेबलाकडे येतो.

मरणाच्या कारणांची जागतिक यादी प्रथम जाक बर्तियों या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने १८९३ मध्ये मांडली. तीही शिकागोतल्याच एका परिषदेत. १९४८ मध्ये ही यादी जागतिक आरोग्य संघटनेकडे आली. तिची ती सहावी आवृत्ती. तेव्हापासून मरणाबरोबर जिवंत माणसाच्या आजारांचीही नोंद तीत होऊ लागली. नववी आवृत्ती १९७० च्या दशकाच्या अखेरीस वापरात आली. तीत सिकलच्या वाहकाला २८२.५ आणि रोग्याला २८२.६ हे क्रमांक होते. १९९० मध्ये मंजूर झालेल्या दहाव्या आवृत्तीत या रोगाला स्वतंत्र घर मिळाले, ते म्हणजे डी ५७. त्याच्या खोल्या अशा : डी ५७.० म्हणजे तीव्र झटक्यासह सिकलसेल, डी ५७.१ म्हणजे झटक्याविना, डी ५७.२ म्हणजे एका बाजूने सिकल व दुसऱ्या बाजूने थॅलेसेमियासारखा वेगळा दोष, डी ५७.३ म्हणजे केवळ वाहक, आणि डी ५७.८ म्हणजे इतर प्रकार.

अमेरिकेने आपल्यापुरती ही यादी आणखी फोडली. तिथे २०१५ च्या ऑक्टोबरपासून झटका छातीत असेल तर डी ५७.०१, पानथरीत रक्त साचले असेल तर डी ५७.०२ असे लिहू लागले. २०२० मध्ये मेंदूच्या रक्तवाहिन्यांतील बिघाडासाठी डी ५७.०३ आले आणि २०२३ मध्ये मुलांच्या हातापायांच्या सुजेसाठी डी ५७.०४ आले. हे वाचताना माझ्या मनात आले, की महारवाड्यातल्या त्या पोराच्या सुजलेल्या बोटांना स्वतःचा क्रमांक मिळायला २०२३ साल उजाडले आणि तेही अमेरिकेतल्या मुलांपुरतेच. १ जानेवारी २०२२ पासून अमलात आलेल्या जागतिक अकराव्या आवृत्तीत रोग आणि त्याचे उपद्रव यांचे क्रमांक एकमेकांना जोडून लिहिण्याची सोय केली आहे.

माझी बहुतेक नोकरी दहाव्या आवृत्तीत गेली. तिच्यात उपद्रवांची नोंद कशी हरवते ते एका उदाहरणाने सांगतो. पंचविशीतला तरुण लंगडत अस्थिविभागात येतो. खुब्याच्या हाडाचे रक्त बंद होऊन ते मेलेले आहे. सिकलसेलचा हा नेहमीचा उपद्रव. डॉक्टरने कागदावर दोन्ही लिहिले तर ग्रंथाप्रमाणे मूळ रोगासाठी कट्यारीचे चिन्ह लावून डी ५७ आणि उपद्रवासाठी ताऱ्याचे चिन्ह लावून एम ९०.४, म्हणजे हिमोग्लोबिनच्या दोषामुळे हाड मरणे, असे लिहावे लागते. डॉक्टरने फक्त हाड मेल्याचे लिहिले तर तोच तरुण एम ८७ मध्ये जातो. तिथे दारू पिऊन खुबा गेलेला माणूस आणि हा तरुण एकाच रांगेत बसतात. कारकुनाला मनाने निदान लिहिण्याचा अधिकार नसतो आणि तो नसावा हेच बरोबर. पण याचा अर्थ असा, की ज्या डॉक्टरला रुग्णाच्या वस्तीशी, त्याच्या भावंडांच्या मरणाशी काही देणेघेणे नाही, त्याच्या एका ओळीच्या आळसाने रोगी रोगातून बाद होतो. असे कागद माझ्यापुढे ढिगांनी आले. छातीच्या झटक्याने आलेले पोर न्यूमोनिया झाले, अर्धांगवायू झालेली दहा वर्षांची मुलगी नुसती अर्धांगवायू झाली, रक्त चढवून घरी गेलेली बाळंतीण नुसती रक्तक्षय झाली.

मरणाचे तेच. १९६९ च्या जन्ममृत्यू नोंदणी कायद्याखाली रुग्णालयातील मृत्यूसाठी नमुना ४ भरतात. त्यात तात्कालिक कारण, त्यामागचे कारण आणि सर्वांच्या मुळाशी असलेले कारण अशी उतरंड असते. देशाच्या आकड्यांत मोजले जाते ते मुळाचे कारण. सिकलसेलच्या मुलाला न्यूमोनिया झाला आणि ते मेले, तर मुळाच्या ओळीत सिकलसेल यायला हवे. वरची ओळ भरून खालची रिकामी ठेवली की देशाच्या लेखी ते मूल न्यूमोनियाने मेले. शिवाय वैद्यकीय कारणासह नोंदले जाणारे मृत्यू हे एकूण नोंदलेल्या मृत्यूंच्या पाव हिस्साही नाहीत. खेड्यात घरी मेलेल्या माणसाच्या मरणाचे कारण आजही बहुधा कोतवालाच्या काळाइतकेच अंधारात राहते.

६

‘झटका’ या शब्दापाशी थोडे थांबले पाहिजे. क्रमांक .० की .१, हे झटका आहे की नाही यावर ठरते. आणि झटक्याचा मुख्य पुरावा म्हणजे वेदना. वेदना मोजण्याचे यंत्र नाही. क्ष-किरणात ती दिसत नाही. ती रुग्ण सांगतो म्हणून असते. म्हणजे हा क्रमांक पडण्यासाठी डॉक्टरने रुग्णाच्या शब्दावर विश्वास ठेवावा लागतो.

आपल्या माणसाच्या शब्दावर या देशात कोणी कधी विश्वास ठेवला आहे? “डाक्टरसायेब, पोराले लय दुखते जी,” असे रात्री दोन वाजता सांगणाऱ्या बाईला “रोजचंच आहे तुझं” हे उत्तर मिळालेले मी ऐकले आहे. महिन्यातून दुसऱ्यांदा आलेल्या तरुणाला सुईची चटक लागल्याचा शेरा केसपेपरवर लिहिलेला मी वाचला आहे. अमेरिकेतील काळ्या रुग्णांचीही नेमकी हीच तक्रार आहे. ज्याच्या पाठीवर हजार वर्षे ओझे टाकले त्याला दुखत नाही, असे मानण्याची सवय मालकांना सगळीकडेच लागलेली असते. ती सवय पुढे वैद्यकाच्या भाषेत उतरते आणि .१ होऊन कागदावर बसते.

विश्वासाने मोजले तर काय होते, याचाही दाखला आहे. मेरिलिन गॅस्टन या काळ्या डॉक्टरबाईंच्या नेतृत्वाखाली अमेरिकेत सिकलसेलच्या बाळांचा अभ्यास झाला. रोज पेनिसिलीन दिल्याने त्यांना होणारा घातक जंतुसंसर्ग कमालीचा घटतो, असे १९८६ मध्ये सिद्ध झाले. पेनिसिलीन हे स्वस्त आणि जुने औषध. पण ते देण्यासाठी बाळाला रोग आहे हे आधी ठाऊक हवे. या अभ्यासानंतर तिथे जन्मतःच रक्त तपासण्याची पद्धत पसरली. १९९५ मध्ये हायड्रॉक्सियुरिया या औषधाने झटके कमी होतात हेही सिद्ध झाले. नोंद आणि जीव यांचा संबंध असा सरळ आहे.

७

पण नोंदीला दुसरी बाजूही आहे आणि ती लपवून चालणार नाही.

अमेरिकेत ब्लॅक पँथर पक्षाने १९७१ च्या सुमारास आपल्या मोफत दवाखान्यांतून सिकलसेलची तपासणी सुरू केली. सरकारने काळ्यांच्या या रोगाकडे जाणूनबुजून दुर्लक्ष केले, असे त्यांनी जाहीरपणे मांडले. १९७२ मध्ये तिथे सिकलसेल नियंत्रणाचा राष्ट्रीय कायदा झाला. त्याच वर्षी मुंबईत दलित पँथर उभी राहिली. आपण त्यांचे नाव घेतले, त्यांचे बंड घेतले. त्यांच्या दवाखान्याची गोष्ट मात्र आपल्या वाङ्मयात फारशी आली नाही. ती यायला हवी होती, कारण तिच्या पुढच्या भागात आपल्यासाठी धडा आहे. तपासणी पसरली तशी अनेक राज्यांनी ती काळ्यांवर सक्तीची केली. वाहक आणि रुग्ण यांतला फरक समजावून न सांगताच कागद हाती दिले गेले. निरोगी वाहकांच्या नोकऱ्या हुकल्या, त्यांना विम्यासाठी अडचणी आल्या. अमेरिकी वायुसेनेची अकादमी वाहकांना १९८१ पर्यंत प्रवेश नाकारत होती. २८२.५ आणि २८२.६ यांत फक्त एका आकड्याचे अंतर आहे आणि त्या अंतरात माणसांची आयुष्ये अडकली.

आपल्याकडे हा फरक लग्नाच्या बैठकीत पुसला जातो. दोन वाहकांचे लग्न झाले तर प्रत्येक गरोदरपणी मूल रुग्ण होण्याचा संभव चारात एक, वाहक होण्याचा चारात दोन आणि पूर्ण निर्दोष होण्याचा चारात एक. म्हणून लग्नाआधी दोघांनी रक्त तपासावे, हा सल्ला योग्यच आहे. पण प्रत्यक्षात मुलीकडचा कागद आधी मागितला जातो, मुलाचा दाखवलाच जात नाही. ‘एएस’ मुलीचे निर्दोष मुलाशी लग्न झाल्यास एकही मूल रुग्ण होणार नाही, हे ठाऊक नसल्यामुळे जमलेली सोयरीक मोडते आणि पोरीच्या कपाळी ‘सिकलवाली’ हा शिक्का बसतो. जातीची विटाळाची कल्पना आपण दीक्षाभूमीवर पुरून आलो. तिचे भूत रक्ताच्या कार्डाचे रूप घेऊन आपल्याच घरात शिरत असेल, तर त्याला हाकलण्याचे काम आपलेच आहे. आणि निसर्गाच्या हिशेबाने पाहिले तर जातीबाहेरचे लग्न ही केवळ समाजक्रांतीची कृती राहत नाही. जिथे एका कुंपणात जनुक दाटलेले आहे तिथे कुंपण मोडले की दोन वाहक एकत्र येण्याचा संभवही घटतो.

८

आजची स्थिती अशी आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात सिकलसेल रोगाचा समावेश झाला. त्या कायद्याने उच्च शिक्षणात लक्षणीय दिव्यांगत्व असलेल्यांना किमान पाच टक्के जागा मिळतात आणि सिकलसेलचा प्रमाणित रुग्ण त्यात बसतो. सरकारी नोकरीतील चार टक्के राखीव जागा मात्र कायद्याने ठरावीक प्रकारांना दिल्या. रक्ताचे विकार त्यात नाहीत. वर्षातून पाच-सहा वेळा रुग्णालयात पडणारा तरुण शिकू शकतो, पण नोकरीच्या दारात कायदा त्याला ओळखत नाही. १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातील शहडोल येथे सिकलसेल निर्मूलनाची राष्ट्रीय मोहीम सुरू झाली. २०४७ पर्यंत निर्मूलन आणि आदिवासी भागांत चाळीस वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी, हे तिचे ध्येय आहे. आदिवासींना अग्रक्रम मिळाला तो रास्तच. त्यांची उपेक्षा आपल्यापेक्षा जुनी आहे. पण ‘आदिवासींचा रोग’ हेही ‘महारांचा रोग’ इतकेच अपुरे नाव आहे. विदर्भातील बौद्ध वस्त्या, कुणब्यांची आणि तेल्यांची घरे यांपर्यंत तीच तपासणी, तीच औषधे तितक्याच हक्काने पोचली पाहिजेत.

आपल्याला या विषयात अनुभव आहे. धर्मांतरित बौद्धांना केंद्राच्या अनुसूचित जातींच्या सवलती मिळायला १९९० साल उजाडले. कागदावर आपण कोण आहोत या एका शब्दासाठी आपण चौतीस वर्षे लढलो. त्या लढ्याने शिकवले, की नोंद ही राज्यसत्तेच्या दारात उभे राहण्याची जागा असते. आजाराच्या नोंदीबाबतही तसेच उभे राहावे लागेल. डी ५७ या क्रमांकात जात नाही, ही त्याची चांगली बाजू आहे. तो जसा आहे तसा, त्याच्या सर्व उपद्रवांसह, पुरा लिहून घेणे आपल्या हाती आहे.

म्हणून कार्यकर्त्यांना माझे सांगणे साधे आहे. वस्तीतला रुग्ण रुग्णालयातून सुटला की त्याचे सुटीचे कार्ड वाचा. त्यावर सिकलसेल लिहिले आहे का ते पाहा. नसेल तर लिहून द्यायला सांगा. घरात मृत्यू झाला आणि मृत सिकलसेलचा होता, तर प्रमाणपत्रात मुळाच्या कारणाच्या ओळीत ते नाव आले पाहिजे असा आग्रह धरा. ‘एएस’ आणि ‘एसएस’ यांतला फरक विहाराच्या प्रत्येक बैठकीत सांगा आणि मुलाचा कागद मुलीच्या कागदाआधी मागा. तरुण डॉक्टर आता आपल्यातूनही निघाले आहेत. त्यांनी रात्री दोन वाजता आलेल्या आईचे म्हणणे ऐकून घ्यावे आणि खालची ओळ रिकामी सोडू नये. आपली पोरे आता तापाने मरत नाहीत, हे सरकारच्या वहीत लिहिलेले असले पाहिजे.